आजची ओळख आज

चार-पाच वर्षं वापरलेला फोन पुष्कळदा अजून धडधाकट असतो. कंपनीकडून येणारे अपडेट तेवढे थांबलेले असतात. घरातली हौशी मुलं मग त्यावर लिनिएजओएससारखी खुली प्रणाली बसवतात आणि त्याला पुन्हा कामाला लावतात. वस्तू टाकण्याआधी ती जगवून पाहायची, ही मोठी चांगली वृत्ती. या खटपटीत सगळ्यात आधी परीक्षा होते ती धीराची. फोन केबलने विंडोजच्या कॉम्प्युटरला जोडला की तो आपला ओळखक्रमांक सांगतो. त्या क्रमांकाला जुळणारा ड्रायव्हर कॉम्प्युटरजवळ नसेल, तर डिव्हाइस मॅनेजरच्या यादीत पिवळा त्रिकोण उमटतो आणि त्यात उद्गारचिन्ह. ते पाहून फोनच बिघडला असं वाटतं. बहुतेक वेळा बिघडलेलं काहीच नसतं, ओळख व्हायची राहिलेली असते. गूगलचा किंवा फोनच्या कंपनीचा यूएसबी ड्रायव्हर बसवला की त्रिकोण निघून जातो.

आता विचारायची पाळी फोनची. सेटिंगमध्ये ‘बिल्ड नंबर’वर सात वेळा बोट टेकवलं की डेव्हलपरसाठीचे पर्याय खुले होतात. त्यातलं यूएसबी डिबगिंग, म्हणजे कॉम्प्युटरकडून आज्ञा घेण्याची सोय, सुरू केली की फोनच्या पडद्यावर प्रश्न येतो, ‘या कॉम्प्युटरला परवानगी द्यायची का?’ २०१३मध्ये अँड्रॉइड ४.२.२ आल्यापासून हा प्रश्न विचारला जातो. फोनला आज्ञा देण्यासाठी कॉम्प्युटरवर एडीबी नावाचं साधन असतं. आपण होकार देईपर्यंत तिथे ‘एडीबी डिव्हायसेस’ लिहिलं, तर फोनच्या क्रमांकापुढे ‘अनऑथराइज्ड’ दिसतं. होकार दिला की तिथे साधं ‘डिव्हाइस’ येतं. जाणकार मुलं तो शब्द पाहिल्याशिवाय पुढची आज्ञा देत नाहीत. कारण पुढच्या आज्ञा मोठ्या असतात. बूटलोडरचं, म्हणजे फोन सुरू करून देणाऱ्या प्रोग्रॅमचं, कुलूप उघडताना फोनमधले फोटो, निरोप, सगळंच सहसा पुसलं जातं.

आणि एवढं होऊनही एक गंमत उरतेच. तोच फोन फास्टबूटमध्ये, म्हणजे बूटलोडरशी थेट बोलण्याच्या अवस्थेत, सुरू केला की एडीबीच्या यादीतून तो गायब होतो. कधी कधी पिवळा त्रिकोणही परत येतो. फोन तोच, केबल तीच. पण या वेळी फोनमधलं अँड्रॉइड सुरूच झालेलं नसतं, फक्त बूटलोडर जागा असतो. त्याचा ओळखक्रमांक वेगळा असू शकतो, बोलण्याची रीत तर वेगळीच असते. त्याच्यासाठी कधी कधी ड्रायव्हर पुन्हा जोडून द्यावा लागतो आणि आता ‘फास्टबूट डिव्हायसेस’ असं विचारावं लागतं. मघाशी झालेली ओळख इथे पुरत नाही. हे ज्याला माहीत असतं तो चिडत नाही. शांतपणे पुन्हा ओळख करून देतो आणि पुढे जातो.

आपल्या माणसांशीही असंच वागता आलं तर किती बरं! सकाळी हसत शाळेत गेलेली मुलगी संध्याकाळी दप्तर टाकून गप्प बसते. रोज गोड बोलणारा शेजारच्या टेबलावरचा सहकारी आज तुटक उत्तर देतो. ‘मी याला चांगला ओळखतो’ म्हणत आपण कालच्या ओळखीवर आजची कामं सांगायला लागतो, आणि उत्तर मिळालं नाही की यांचं काहीतरी बिनसलंय असं ठरवून मोकळे होतो. माणूस तोच असतो, आज त्याच्या मनात वेगळं काही चाललेलं असतं. म्हणून एक छोटी सवय लावून घेऊ या. कुणाला काही सांगण्याआधी ‘आज कसं काय?’ एवढं विचारायचं आणि उत्तर येईपर्यंत थांबायचं. सल्ला द्यायचा असेल तर ‘सांगू का?’ असं आधी विचारायचं. नाही म्हटलं तर तेही मनापासून मान्य करायचं. याला मिनिटभरसुद्धा लागत नाही, आणि त्यानंतर सांगितलेलं समोरच्यापर्यंत नीट पोचतं. आज कामावर ज्याच्याशी पहिली गाठ पडेल, त्याच्यापासूनच सुरुवात करू या.