तीच गाडी

नोंदणी न झालेले मोटार वाहन सार्वजनिक ठिकाणी चालवता येत नाही, असे मोटार वाहन अधिनियम, १९८८ चे कलम ३९ सांगते. हा कायदा संसदेचा असला तरी त्याची अंमलबजावणी राज्ये करतात. महाराष्ट्रात त्यासाठी १९८९ चे मोटार वाहन नियम आहेत आणि वाहनकर राज्याच्याच १९५८ च्या अधिनियमानुसार आकारला जातो. खासगी गाडीची नोंदणी पंधरा वर्षे चालते, पुढे पाच-पाच वर्षांनी तिचे नूतनीकरण होते. या व्यवस्थेने एक गोष्ट गृहीत धरलेली असते : पहिल्या दिवशी पासिंग झालेली गाडी आणि पंधरा वर्षांनी आरटीओच्या आवारात उभी राहिलेली गाडी एकच आहे. मधल्या काळात टायर, क्लचप्लेटा, बॅटरी, काचा, सीटकव्हरे, कधी इंजिनसुद्धा बदललेले असते. मग ती ‘तीच’ कशाच्या जोरावर?

हा प्रश्न भारतीय तत्त्वज्ञानात वाहनाच्याच उदाहरणाने मांडला गेला आहे. ‘मिलिंदपञ्ह’ या पाली ग्रंथात ग्रीक राजा मिलिंद, म्हणजे मिनँडर, आणि भिक्षू नागसेन यांचा संवाद आहे. राजा रथातून आल्याचे सांगतो, तेव्हा नागसेन विचारतो की दांडी म्हणजे रथ का, आस म्हणजे रथ का, चाके, सांगाडा, जू, लगाम यांपैकी रथ कोणता. यांपैकी एकही रथ नव्हे, आणि यांच्याबाहेरही रथ नाही, हे राजाला कबूल करावे लागते. या सर्वांच्या आधाराने ‘रथ’ हे नाव व्यवहारात चालते, एवढेच शिल्लक राहते. अशा व्यवहारसिद्ध नावाला बौद्ध परंपरा प्रज्ञप्ती म्हणते. माणसाचे ‘मी’पणही तसेच, हा नागसेनाचा रोख आहे.

न्याय-वैशेषिक दर्शनांच्या पंडितांना हे पटले नाही. त्यांच्या मते अवयवांहून अवयवी वेगळा आणि खरा असतो. कापड धाग्यांत समवायाने, म्हणजे अतूट संबंधाने, राहते, पण कापड म्हणजे धाग्यांची रास नव्हे. न्यायसूत्रांत यासाठी धारण आणि आकर्षण यांचा दाखला आहे : वस्तू एका टोकाला धरली की सगळी धरली जाते, एका टोकाने ओढली की सगळी येते. बंद पडलेली गाडी टो करताना दोर पुढच्या हुकाला बांधतात, पण ओढली जाते ती आख्खी गाडी. वाळूच्या ढिगाचे तसे होत नाही. मात्र या मताची किंमतही मोजावी लागते. एक धागा काढला की जुने कापड नष्ट होऊन उरलेल्या धाग्यांचे नवे कापड, खंडपट, उत्पन्न होते, असे नैयायिकांना मानावे लागले. हा हिशेब काटेकोरपणे लावला तर बंपर निखळून पडलेल्या प्रत्येक गाडीला नव्याने नंबर घ्यावा लागेल.

कायदा या दोन मतांच्या मधून वाट काढतो. नोंदणीच्या कागदांत नमुना २० चा अर्ज, विक्रीचा नमुना २१, वाहन रस्त्यावर चालवण्यायोग्य असल्याचा नमुना २२ आणि विमा असतो. त्यांच्यासोबत वर्षानुवर्षे पेन्सिल प्रिंट जोडली जात आली. चेसिसवर ठोकलेल्या क्रमांकावर पातळ कागद दाबून धरायचा आणि पेन्सिल आडवी घासायची. पत्र्यात खोल गेलेली अक्षरे काळ्या पट्ट्यावर पांढरी उमटतात. मोटारसायकलीवर हा क्रमांक बहुधा हँडलखालच्या नळीवर असतो, त्यामुळे आधी ग्रीस आणि धूळ पुसावी लागते. क्रमांक सतरा अक्षरांचा असतो. एक आणि शून्य यांच्याशी गल्लत होऊ नये म्हणून त्यात आय, ओ आणि क्यू ही रोमन अक्षरे वापरत नाहीत. बाकी सगळे नाव, पत्ता आणि कर असा कागदी व्यवहार. इथे मात्र कागद लोखंडाला टेकतो.

त्यामुळे गाडीचे इतर भाग बदलण्याची मुभा राहते. टायरची नोंद कोणी विचारत नाही. इंजिन बदलले तर ते कळवून नवा क्रमांक आरसीत चढवावा लागतो. कलम ५२ मूळ रचनेत फेरफार करू देत नाही. नंबरप्लेटसुद्धा ओळखीचा गाभा नाही : म्हापशाची जीए ०३ गाडी सावंतवाडीत बारा महिन्यांहून अधिक काळ ठेवली तर कलम ४७ नुसार तिला महाराष्ट्राचा नंबर घ्यावा लागतो आणि ती एमएच ०७ होते. नाव बदलते, गाडी तीच राहते, कारण चेसिस क्रमांक तोच असतो. नागसेनाची प्रज्ञप्ती कायद्याने स्वीकारली, पण ती वाऱ्यावर सोडली नाही, एका अवयवाला खिळ्याने ठोकून ठेवली.

हा खिळा किती गरजेचा आहे ते दोन दावेदार उभे राहिले की कळते. प्लुटार्कने सांगितलेल्या थीसियसच्या जहाजाच्या फळ्या अथेन्सवाले एकेक करून बदलत गेले. काढलेल्या जुन्या फळ्या कोणी जपून त्यांचे पुन्हा जहाज बांधले तर खरे जहाज कोणते, अशी भर हॉब्जने १६५५ मध्ये ‘डी कॉर्पोरे’ या ग्रंथात घातली. गाड्यांच्या बाजारात हा प्रश्न गुन्ह्याच्या रूपात भेटतो. अपघातात पार चेंदामेंदा झालेल्या गाडीचा चेसिस क्रमांक चोरीच्या गाडीवर ठोकला जातो. लोखंड एका गाडीचे, आरसी दुसरीची. कलम ५५ नुसार गाडीवरचे क्रमांक आणि आरसीतले क्रमांक जुळत नसतील तर मालकाचे म्हणणे ऐकून नोंदणी रद्द करायची असते. म्हणजे नाव आणि खूण यांपैकी एकाने काम भागत नाही. दोन्ही एकमेकांशी पटावी लागतात.

पण गाडीची ओळख एवढ्या निगुतीने कशासाठी राखायची? याचे उत्तर मालकाच्या रकान्यात आहे. कायद्याच्या व्याख्येनुसार ज्याच्या नावावर वाहनाची नोंदणी आहे तो मालक. गाडी विकली, पैसे घेतले, किल्ली दिली, पण नमुना २९ आणि ३० भरून ती दुसऱ्याच्या नावावर केली नाही, तर अपघाताच्या भरपाईची जबाबदारी नोंदणीतल्या मालकावरच येते, असा निकाल सर्वोच्च न्यायालयाने २०१८ मध्ये दिला. त्या प्रकरणात गाडी एकामागून एक अनेक हातांत गेली होती. धडक बसलेल्याने या हातांचा माग काढत हिंडू नये, हे त्यामागचे कारण.

मिलिंदपञ्हातही संवाद याच वळणावर येतो. कायम राहणारा ‘मी’ नसेल तर कर्माचे फळ कोणी भोगायचे? नागसेन आंबेचोराचे उदाहरण देतो. मालकाने पेरला तो आंबा वेगळा आणि आपण तोडले ते आंबे वेगळे, असे चोर म्हणतो. तरीही तो दोषी ठरतो, कारण तोडलेले आंबे पेरलेल्या आंब्यातूनच आलेले असतात. वस्तू तीच उरली नाही तरी परंपरा तुटत नाही, आणि जबाबदारीला तेवढे पुरते. बहुतेक सुटे भाग बदललेल्या गाडीचा मालकही चोरासारखा युक्तिवाद करू शकेल. आरसी त्याला तो करू देत नाही.

या परंपरेला शेवटही नेमून दिलेला आहे. गाडी नष्ट झाली किंवा कायमची निकामी झाली तर मालकाने चौदा दिवसांत कळवायचे असते आणि नोंदणी रद्द होते. नोंदणीकृत भंगार केंद्रात गाडी तोडताना चेसिसवरचा क्रमांक असलेला तुकडा कापून वेगळा ठेवतात. इंजिन, दारे, चाके, पत्रा आपापल्या वाटेने जातात. बोटभर लोखंड मागे राहते, ते एवढ्यासाठी की तो क्रमांक पुन्हा कुठल्या गाडीवर चढू नये.