शंभर कोणाचे?
निवडणुकीच्या शेकडेवारीच्या गणितात पाया प्रत्येक पायरीला बदलतो. समजा, मतदार १,००,०००. मतदान ६० टक्के. त्यातली ५ टक्के मते बाद. विजयी उमेदवाराला वैध मतांपैकी ४० टक्के. मतदान झाले ६०,०००, वैध मते ५७,०००, विजयी मते २२,८००. म्हणजे एकूण मतदारांपैकी २२.८ टक्केच. मग उरलेल्या ७७.२ टक्क्यांच्या वतीने बोलण्याचा अधिकार त्याला कुठून मिळतो? ते गणित सांगत नाही. तत्त्वज्ञ रूसोने १७६२ मध्ये सार्वत्रिक मौनातून संमती गृहीत धरली. पण घरी राहिलेल्या ४०,००० जणांचे मौन सार्वत्रिक नाही, त्याला होकार मानणे अन्यायाचेच. रूसोचे दुसरे उत्तर अधिक भक्कम आहे: बहुमताचा नियम हाही एक करारच असून त्यामागे निदान एकदा तरी सर्वांचे एकमत गृहीत असते.