पृथ्वी वाचवायची की माणूस?



'द डे द अर्थ स्टूड स्टिल' हा इंग्रजी चित्रपट १९५१ साली आला. परग्रहावरचा क्लाटू त्यात अण्वस्त्रांच्या मागे लागलेल्या मानवाला सावध करतो. २००८ साली तो चित्रपट नव्याने काढण्यात आला. त्यात आरोप वेगळा आहे: माणूस पृथ्वीचा नाश करीत आहे, म्हणून पृथ्वी वाचवायची तर माणूस नाहीसा झाला पाहिजे. नोहाच्या तारवाप्रमाणे प्राणी गोळा केले जातात, पण या तारवात नोहाच्या कुटुंबाला जागा नाही.

आरोप आपल्याला नाकारता येणार नाही. शिक्षा मात्र पवित्र शास्त्राला मान्य नाही. जलप्रलयानंतर देवाने करार केला तो नोहाशी, त्याच्या संततीशी आणि सर्व सजीवांशी. निनवेच्या नाशाची वाट पाहणाऱ्या योनालाही देवाने तिथल्या १ लाख २० हजारांहून अधिक माणसांची आठवण करून दिली, आणि गुराढोरांचीही. माणूस आणि सृष्टी यांच्यात देव निवड करीत नाही.

चित्रपटात क्लाटूचा एक साथीदार ७० वर्षे माणसांत राहिलेला आहे. माणसे सुधारणार नाहीत, असेच त्याचे मत. तरीही तो परत जायला नकार देतो. त्याचा माणसांवर जीव जडला आहे. तो त्यांच्याबरोबर मरायला तयार आहे. दुरून पाहणाऱ्याला अपराध दिसतो, सोबत राहणाऱ्याला माणूस दिसतो. आपला प्रभू तर आपल्यामध्ये राहिला आणि केवळ आपल्याबरोबर नव्हे, आपल्यासाठी मरण पावला.

शेवटी वडिलांच्या कबरीपाशी रडणाऱ्या मुलाला कवटाळणारी सावत्र आई पाहून क्लाटूचे मन बदलते. संहार थांबतो, पण जगातली सारी यंत्रेही बंद पडतात. दया फुकट मिळते, पश्चात्तापाला मात्र किंमत असते. निनवेचा राजा सिंहासन सोडून राखेत बसला होता. पोप फ्रान्सिस यांनी २०१५ साली 'लाउदातो सी' या परिपत्रकात पर्यावरणाच्या बाबतीतही हृदयपरिवर्तनाची हाक दिली, ती याच अर्थाने.

आपण काय सोडणार? लग्नाच्या जेवणातील थर्माकोलची ताटे? विहिरीत टाकलेला कचरा? आज मिस्सानंतर घरी गेल्यावर कुटुंबाने एकत्र बसून एक गोष्ट ठरवावी, आणि ती पाळण्यासाठी प्रभूजवळ कृपा मागावी.

आपला,
प्रमुख धर्मगुरू