आत्याबाईला मिशा असत्या तर

मे महिना. चाळीत भरायच्या कांद्याची निवड चालली होती. मोठा कांदा एकीकडे, गोल्टी दुसरीकडे, जोड कांदा तिसऱ्या ढिगात. सुट्टीला निमोण्यात आलेल्या नातवानं एक जोड उचलला. म्हणाला, "आबा, हे बघा मल्टिव्हर्स. एका सालीत दोन."

मग त्यानं कॉमिकमधल्या फ्लॅशची गोष्ट सांगितली. अमेरिकेत सप्टेंबर १९६१ च्या अंकात आलेली. फ्लॅश, म्हणजे बॅरी ॲलन, इतक्या वेगानं थरथरतो की थेट दुसऱ्या पृथ्वीवर जाऊन पडतो. तिथं त्याला जे गॅरिक भेटतो. बॅरीनं लहानपणी ज्याची कॉमिक्स वाचली तोच नायक, जिताजागता. दोन्ही पृथ्व्या एकाच जागी आहेत. कंपनं निराळी, म्हणून एकमेकींना दिसत नाहीत. पुढं अशा पृथ्व्यांचा इतका पसारा झाला की १९८५-८६ मध्ये बारा अंकांची मालिका काढून तो आवरावा लागला.

मला ही गोष्ट ओळखीची वाटली. सप्ताहात एका कीर्तनकारांनी योगवासिष्ठातलं लीलेचं आख्यान लावलं होतं. पद्म राजा मरतो. ज्या दालनात त्याचं शव ठेवलंय, तिथंच दुसऱ्या विश्वात तो विदूरथ नावानं राज्य करतोय, हे सरस्वती लीला राणीला दाखवते. आणि पद्माचं सगळं राज्य तरी कुठं? आठ दिवसांपूर्वी वारलेल्या एका ब्राह्मणाच्या घरात. त्यानं राजाची स्वारी जाताना पाहिली होती आणि आपणही राजा व्हावं असं त्याच्या मनात आलं होतं.

फ्लॅशला पलीकडं वेग नेतो, ब्राह्मणाला वासना. जयंत नारळीकरांच्या 'गंगाधरपंतांचे पानिपत'मध्ये बंदुकीची एक गोळी पुरते. ती विश्वासरावांना चाटून जाते आणि पानिपतच फिरतं.

माझं पानिपत १९८६ सालचं. पिंपरीच्या एका कारखान्यातून नोकरीचं पत्र आलं होतं. वडील नुकतेच वारले होते, विहिरीचं कर्ज डोक्यावर होतं. मी गेलो नाही. पण पुढं कितीतरी वर्षं मनातला 'तो' रोज पहिल्या पाळीला जायचा, पगार घ्यायचा, ब्लॉक बुक करायचा. मी बांधावर उभा आणि जीव पिंपरीत. बायको बोलायची, मी ऐकायचो नाही. ब्राह्मणाच्या घरात जसं राज्य, तसा माझ्या घरात कारखाना चालायचा.

आता वाटतं, जे जे घडू शकतं ते सगळं कुठं ना कुठं घडतच असेल, तर निवडीला अर्थ काय उरला? माझ्या राहण्याचं श्रेय नाही, न ऐकण्याचा दोषही नाही. कर्माचा हिशेब असा दोन वह्यांत वाटता येत नाही. पिंपरीतल्या त्या माणसानं हे कर्ज फेडलेलं नाही, रात्रीच्या थंडीत पाणी दिलेलं नाही. नाव माझं असेल, पण तो मी कसा? कॉमिकवाल्यांनाही हे कळलेलं दिसतं. जे गॅरिक बॅरीहून वयानं मोठा, कानांजवळ केस पिकलेला. दोघं खांद्याला खांदा लावून लढतात, पण शेवटी बॅरीला आपल्याच पृथ्वीवर परतावं लागतं.

माझी थोरली आत्या विधवा होऊन माहेरी आलेली. "गेलो असतो तर" असं मी सुरू केलं की म्हणायची, "आत्याबाईला मिशा असत्या तर काका म्हटलं असतं. जा, दारं धर." वडलांच्या मागं शिरूरच्या बाजारात आडत्यासमोर बसून पट्टीतली तोलाई-हमाली तीच मोजून घ्यायची. लाईट रात्रीची आली आणि मी रुसून बसलो, तर बॅटरी घेऊन दारंही धरायची. काकाची सगळी कामं तिनं याच पृथ्वीवर केली, मिशांवाचून.

नातू जोड कांदा हातात घेऊन उभाच होता. "हा कुठं टाकू?"

"चाळीत नको. जोड टिकत नाही. आजीला दे, आजच्या कालवणात चिरू दे."