सक्तीची फुरसत

फुरसतीची थोरवी गाण्यांत तत्त्वज्ञ पूर्वींपासून अग्रेसर आहेत. ॲरिस्टॉटलनें फुरसत हेंच श्रमाचें साध्य मानलें. बर्ट्रांड रसेलनें १९३२ सालीं आळसाची भलामण करतांना, काम सर्वांत वांटून घ्यावें, प्रत्येकानें दिवसाकाठीं चारच तास राबावें आणि उरलेला वेळ विद्या, कला, छंद यांस द्यावा, असें सुचविलें. (आम्हां प्राध्यापकांचे तास याहूनही कमी, असें एखादा गिरणीकामगार म्हणेल, तर तें खोडून काढणें कठीण आहे!)

त्याच सुमारास व्हिएन्नाजवळच्या मारिएन्टाल गांवावर फुरसत न मागतां कोसळली होती. तेथील कापडगिरणी १९२९-३० मध्यें बंद पडली आणि जवळजवळ सगळें गांव बेकार झालें. मारी याहोडा, पॉल लाझार्सफेल्ड व हान्स झाइझेल यांच्या मंडळानें केलेली त्या गांवाची पाहणी १९३३ मध्यें प्रसिद्ध झाली. वाचनालयाची वर्गणी माफ होती, वाचावयास सबंध दिवस मोकळा होता. तरी १९२९ ते १९३१ या अवधींत लोकांनीं घरीं नेलेल्या पुस्तकांची संख्या जवळजवळ निम्म्यावर आली. पुरुष रस्त्यानें चालतां चालतां कारणावांचून थांबत. पुष्कळांनीं घड्याळ बाळगणेंही सोडलें होतें. सकाळपासून काय केलें, याचा हिशेब द्यावयाचा तर उठणें आणि जेवणें यांखेरीज त्यांना फारसें कांहीं आठवत नसे.

मन कशांत तरी गुंतवावयास हवें होतें, असें कोणी म्हणेल. पण त्याच गांवच्या स्त्रिया पाहा. स्वयंपाक, मुलें, जुन्या कपड्यांस ठिगळें, यांतून त्यांच्या हातांस उसंत नव्हती. तरीही गिरणी पुन्हां निघाली तर घरकाम सांभाळून आपण जाऊं, असें त्यांपैकीं पुष्कळजणी म्हणाल्या, आणि तें केवळ मजुरीसाठीं नव्हे. चार माणसांत वावरणें त्यांना हवें होतें.

तेव्हां हरपतें तें काय? माझ्या मतें, आपण न गेल्यास कोणाचें तरी अडेल, ही खात्री. ती असते तोंवरच मोकळा वेळ आपला वाटतो. म्हणून बेकार मुलास आपल्या घरांतून होणारा ‘वेळ वायां घालवूं नको, कांहीं वाच’ हा उपदेश, मायेपोटीं असला तरी, मला निर्दय वाटतो. पाहुण्यांचा ‘सध्यां काय चाललें आहे?’ हा सहज प्रश्न त्याहूनही जड. दोन वर्षें त्यास तेंच उत्तर देऊन थकलेला मुलगा, पाहुणे येण्याच्या सुमारास चपला घालून बाहेर पडतो. ‘कामासाठीं गेला आहे,’ असें आई सांगते. आणि पाहुणेही, बहुधा सर्व समजून, अधिक विचारीत नाहींत.