साम्य, नाते आणि मोजणाऱ्याचे दायित्व

गट वस्तूंमध्ये मुळातच असतात आणि अभ्यासक ते केवळ शोधून काढतो, की गट करणे ही अभ्यासकाचीच कृती असते, हा प्रश्न साहित्यसमीक्षेला नवा नाही. वाङ्मयप्रकार, संप्रदाय, कालखंड या संकल्पनांविषयी तो वारंवार उपस्थित होत आला आहे. विसाव्या शतकात वनस्पतिविज्ञानाने हाच प्रश्न गणिताच्या भाषेत विचारला. संख्येपुढे मतमतांतरे मावळतील, अशी त्यामागील अपेक्षा होती. ती पुरी झाली नाही. गणिताने निर्णयाची गरज संपवली नाही. निर्णयाची जागा तेवढी बदलली. या स्थलांतराचा नैतिक आशय काय, हे तपासून पाहण्यासारखे आहे.

अमेरिकी अभ्यासक फ्रेडरिक क्लेमेंट्स यांनी १९१६ च्या ग्रंथात वनस्पतिसमूहाला एक सजीव देह मानले. असा समूह जन्मतो, वाढतो आणि हवामानाने नेमून दिलेल्या चरमावस्थेला पोहोचतो, हे त्यांचे प्रतिपादन होते. हेन्री ग्लीसन यांनी १९२६ मध्ये नेमकी उलट भूमिका घेतली. प्रत्येक जाती आपापल्या गरजांनुसार आणि बीजप्रसाराच्या योगायोगानुसार रुजते. आपण ज्याला समूह म्हणतो ते केवळ अशा योगायोगांचे सहअस्तित्व होय. पुढे रॉबर्ट व्हिटेकर यांनी ग्रेट स्मोकी पर्वतातील वनस्पतींचे प्रमाण उंची व ओलावा यांच्या अनुषंगाने मोजले. त्यांच्या १९५६ च्या आलेखांत प्रत्येक जातीची रेषा स्वतंत्रपणे चढते-उतरते आणि समूहांच्या रेखीव सीमा फारशा आढळत नाहीत. संख्येने ग्लीसन यांच्या बाजूने कौल दिला, असे येथे वाटू शकते.

परंतु संख्या तयार कशी होते, हे लक्षात घेतल्यास चित्र पालटते. स्विस वनस्पतिशास्त्रज्ञ पॉल जकार यांचा साम्यांक अत्यंत साधा आहे: दोन ठिकाणी सामाईक असलेल्या जातींच्या संख्येला दोन्हींकडील एकूण भिन्न जातींच्या संख्येने भागावयाचे. एका पठारावर ४० जाती, दुसऱ्यावर ३०, आणि सामाईक २० असतील, तर एकूण भिन्न जाती ५० आणि साम्यांक ०.४ येतो. या भागाकारात वाद नाही. मात्र त्याआधीच बरेच काही ठरून गेलेले असते. एकच रोप असलेली जाती आणि सगळे पठार व्यापणारी जाती येथे समान ठरतात. दोन्हीकडे जे नाही, त्याची दखल घेतली जात नाही. आणि ०.४ हे साम्य ‘एक समूह’ म्हणण्यास पुरेसे आहे की नाही, हे सूत्र सांगत नाही. ते कोणीतरी ठरवते.

वंशसंबंधांच्या अभ्यासात हाच पेच अधिक तीव्र होतो. सोकाल आणि स्नीथ यांनी १९६३ मध्ये संख्यात्मक वर्गीकरणाचा पुरस्कार केला. शक्य तितकी लक्षणे घ्यावीत, सर्वांना समान महत्त्व द्यावे, म्हणजे अभ्यासकाचा पूर्वग्रह गळून पडेल, ही त्यांची धारणा होती. जर्मन कीटकशास्त्रज्ञ विली हेनिग यांनी १९५० मध्येच वेगळा निकष मांडला होता. नाते सिद्ध होते ते एकूण साम्यावरून नव्हे, तर सामाईक पूर्वजात नव्याने उद्भवलेल्या आणि त्याच्या वंशजांनी वाटून घेतलेल्या लक्षणांवरून.

मराठीतील ‘निवडुंग’ हा शब्द या भेदाचे उत्तम उदाहरण ठरावा. फड्या निवडुंग मूळचा अमेरिका खंडातला. त्याच नावाने ओळखला जाणारा चिकाचा निवडुंग मात्र एरंडाच्या कुळातला आहे. काटे आणि मांसल खोड हे दोघांचे साम्य रखरखीत परिस्थितीने घडवलेले आहे, वारशाने आलेले नाही. याउलट संस्कृत काव्याने दिवस-रात्रीच्या संकेतात जोडीने बांधलेली कमळ आणि कुमुद ही एकमेकांची निकटची आप्त नाहीत. जनुकीय पुराव्यानुसार कमळाचे जवळचे नाते काश्मीरच्या चिनाराशी आहे. म्हणून भाषा चुकली असे म्हणावे काय? कुंपण घालणाऱ्या शेतकऱ्यासाठी ‘निवडुंग’ हा गट पुरेसा खरा आहे. गट खरा की खोटा याआधी तो कशासाठी केला, हा प्रश्न येतो.

पाठचिकित्सेच्या अभ्यासकाला हेनिग यांचा निकष परिचित वाटेल. दोन पोथ्यांत योग्य पाठ समान असला तर काहीच सिद्ध होत नाही. एकच चूक समान असली की नाते सूचित होते. पुण्याच्या भांडारकर प्राच्यविद्या संशोधन मंदिराच्या महाभारत-आवृत्तीचे संपादन करताना वि. स. सुखठणकर यांना पोथ्यांच्या परस्पर-संकराला तोंड द्यावे लागले. लेखनिक एकाच पोथीशी एकनिष्ठ नव्हते. त्यामुळे शुद्ध वंशवृक्ष हाती लागणे शक्य नव्हते. सिद्ध केलेली संहिता म्हणजे मूळ महाभारत नव्हे, उपलब्ध पोथ्यांच्या आधारे गाठता येणारे प्राचीनतम रूप होय, ही मर्यादा त्यांनी उघडपणे नोंदवली. त्याज्य ठरवलेले पाठही तळटीपांत आणि परिशिष्टांत जपले गेले. निर्णय घेतला गेला, पण तो उलटवण्याची साधनेही वाचकाच्या हाती दिली गेली.

अशी साधने दिली नाहीत तर काय घडते, याचे उत्तर दख्खनच्या माळरानावर मिळते. हॅरी चॅम्पियन यांच्या १९३६ च्या आणि चॅम्पियन व सेठ यांच्या १९६८ च्या वनप्रकारांच्या वर्गीकरणात चरमावस्थेची कल्पना गृहीत आहे. त्यात कोरडी गवताळ प्रदेशभूमी ही वनाची अवनत अवस्था म्हणून येते. एकदा ‘अवनत’ हा शब्द पडला की झाडे लावणे हा उपचार ठरतो, मग त्या गवतावर जगणारा माळढोक आणि त्याच गवतावर मेंढरे चारणारा धनगर कोणाच्याच हिशेबात राहत नाहीत. २०२५ मध्ये प्रसिद्ध झालेल्या एका अभ्यासाने जुन्या मराठी ओव्या, चरित्रे आणि आख्याने यांतील झाडाझुडपांचे उल्लेख तपासले. ब्रिटिश अमलापूर्वीच्या शतकांतही पश्चिम महाराष्ट्रात माळरान होते, असा त्यांचा निर्देश आहे. ज्याला अवशेष मानले ती स्वतंत्र संहिता होती.

यावरून मोजणेच त्याज्य, असा निष्कर्ष काढणे उतावीळपणाचे होईल. न मोजता केलेला गटही गटच असतो, फक्त त्याचे निकष तपासता येत नाहीत. कोणती लक्षणे धरली, कोणती सोडली, उंबरठा कोठे ठेवला, हे स्पष्ट लिहावे लागते, ही गणिताची खरी नैतिक देणगी. ‘आकड्यांनी असे दाखवले’ या वाक्यात कर्ता लपतो आणि ही देणगी वाया जाते. रेषा ओढण्यावाचून ज्ञान नाही. परंतु रेषेपलीकडे ज्याला ढकलले त्याची नोंद ठेवणे आणि त्याने प्रश्न विचारल्यास उत्तर देणे, हे रेषा ओढणाऱ्याचे दायित्व आहे. समीक्षकही त्यातून सुटत नाही.