दोन डोळ्यांची मर्यादा

पावसाळ्यात आटगाव स्टेशनात पहाटेच्या लोकलच्या मालडब्यात ठाकूर-कातकरी बाया रानभाजीच्या पाट्या चढवतात. शेवळं, भारंगी, कंटोळी. काढायला डोंगरभर पायपीट आणि उतरल्यावर भाव ठरवणार दुसराच. 'दो आँखें बारह हाथ' मधला बाजार मला त्या पाट्यांपाशी आठवतो. व्ही. शांतारामांनी 1957 साली दिग्दर्शित केलेल्या या चित्रपटात जेलर आदिनाथचे कामही त्यांनीच केले. त्याचे सहा कैदी माळरानावर भाजी पिकवतात, ती रास्त भावात विकतात, आणि बाजारातला बडा व्यापारी खवळतो. मार खातानाही कैदी हात उगारत नाहीत, कारण त्यांनी शब्द दिलेला असतो.

शेतीचे दुःख शांतारामांनी नट म्हणून फार आधी पडद्यावर साकारले होते. 1925 साली बाबूराव पेंटरांच्या 'सावकारी पाश' या मूकपटात ते तरुण शेतकरी झाले. सावकार जमीन गिळतो, शेतकरी शहराची वाट धरून गिरणीत मजूर होतो. शहापूर-मुरबाडमध्ये वीटभट्टीची उचल घेऊन बिऱ्हाडासकट निघणाऱ्या माणसाला ही कथा नव्याने सांगावी लागत नाही.

1927 च्या 'नेताजी पालकर'पासून शांताराम दिग्दर्शक झाले. 'कुंकू', 'माणूस', 'शेजारी' या त्यांच्या थोर चित्रपटांत ते स्वतः दिसत नाहीत. केशवराव दाते, शांता आपटे, शाहू मोडक यांच्या चेहऱ्यांवर त्यांचा पूर्ण भरवसा होता. ('शेजारी'त धरणापायी गाव दुभंगते. तानसा-भातसाच्या कुशीत राहून उन्हाळ्यात टँकरची वाट पाहणाऱ्यांनी तो जरूर पाहावा.) मुख्य भूमिका त्यांनी मोजक्याच केल्या. 1946 मध्ये ते डॉ. कोटणीस झाले आणि पुढे आदिनाथ. दोन्ही माणसे ध्येयासाठी देह ठेवणारी. मला वाटते, जिथे कथेचा सारा भार एका माणसाच्या सचोटीवर होता, तिथे त्यांना तो भार दुसऱ्यावर टाकवला नाही. आदिनाथच्या बैलाशी झुंजीच्या चित्रीकरणात त्यांच्या डोळ्याला गंभीर इजा झाली आणि दृष्टी जाता जाता वाचली. ही निष्ठा मी मनापासून मानतो. तरीही चित्रपटाची मर्यादा इथेच आहे.

ग. दि. माडगूळकरांनी ही कथा ज्या प्रयोगावरून रचली, तो औंध संस्थानात आटपाडीजवळ स्वतंत्रपूर येथे झाला. राजे भवानराव पंतप्रतिनिधींनी 1939 मध्ये प्रजेला स्वराज्याची घटना दिली. ती घडवण्यात गांधीजींबरोबर मॉरिस फ्रीडमन हा वॉर्सात जन्मलेला इंजिनियर होता, आणि स्वतंत्रपूरच्या उभारणीतही त्याचा मोठा वाटा होता. कैद्यांना तुरुंगाबाहेर शेतीवर ठेवायचे आणि बायकामुलांसह राहू द्यायचे, अशी ती वसाहत. पळून जाण्यापासून माणसाला अडवत होते ते त्याचे घर आणि त्याने कसलेले रान.

चित्रपटात हे काम आदिनाथचे डोळे करतात. पळालेल्या कैद्यांना ते डोळे दिसतात, म्हणून ते परततात. शेवटी पीक तुडवायला सोडलेल्या बैलांशी झुंजत आदिनाथ मरतो आणि त्याचे डोळे कैद्यांवर कायमचे रोखलेले राहतात. दृश्य विलक्षण आहे, पण त्यातले सहा जण अखेरपर्यंत लेकरेच राहतात. राखणाऱ्या नजरेवाचून त्यांना सरळ चालता येईल, हा विश्वास दिग्दर्शकाला वाटला असता, तर आदिनाथ जिवंत असतानाच मागे सरला असता. पडद्याचे मध्य नटाने व्यापले आणि दिग्दर्शकाने ते व्यापू दिले. 'माणूस' मधला दिग्दर्शक अधिक कठोर होता.

चित्रपटाला राष्ट्रपतींचे सुवर्णपदक मिळाले, 1958 मध्ये बर्लिनला रौप्य अस्वल मिळाले. जगाने आदिनाथचा त्याग वाखाणला. मला मात्र भाजीबाजाराचा प्रसंग जास्त मोलाचा वाटतो. ओसाड रान पिकवणे अवघड खरेच, पण पिकवणाऱ्याने स्वतः भाव ठरवताच त्याच्यावर गुंड येतात, हे तिथे स्वच्छ दिसते. 'सावकारी पाश'मध्ये जमीन गेली, इथे जमीन हाती आली तरी बाजार हाती आला नाही. बत्तीस वर्षांच्या अंतराने केलेल्या या दोन भूमिका म्हणूनच एकत्र पाहायला हव्यात.

शहापूर-मुरबाडच्या शाळांनी हा चित्रपट मुलांना दाखवावा. दाखवून झाल्यावर आदिनाथच्या मरणावर निबंध लिहून घेऊ नये. आपल्या आईच्या पाटीतल्या भाजीचा भाव कोण ठरवतो, हे मुलांना विचारावे.